मराठवाड्यातून काश्मीरच्या उंच तळ्यांकडे: पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

मराठवाड्यातल्या माणसाला चालण्याचं नवल नाही. पैठणहून नाथांच्या पालखीबरोबर पंढरपूर गाठणारी माणसं आपल्या घरोघरी आहेत. त्यामुळे काश्मीरच्या तळ्यांचा ट्रेक म्हटलं की बरेच जण विचारतात, "दिवसाला बारा-पंधरा किलोमीटर? त्यात काय एवढं?" अंतराचं खरंच फार काही नाही. पण आपली बहुतेक गावं समुद्रसपाटीपासून साडेतीनशे ते सातशे मीटरवर आहेत, आणि या वाटेवरचा पहिलाच तंबू साडेतीन हजार मीटरवर पडतो. महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर कळसूबाई, तेही १,६४६ मीटरचं. म्हणजे पहिल्या रात्री तुम्ही कळसूबाईच्या दुपटीहून उंच जागी झोपणार आहात. तिथे पायांच्या ताकदीपेक्षा शरीराला मिळालेला वेळ कामाला येतो, आणि दुखलं-खुपलं तर तोंड उघडून सांगणं त्याहून जास्त. आपल्याकडे सोसण्याला मोठा मान आहे. हा मान डोंगराखाली ठेवूनच वर जायचं, एवढं आधी मनाशी ठरवा. पुढची तयारी सोपी आहे.

हा लेख 'काश्मीर ग्रेट लेक्स' नावाने ओळखल्या जाणाऱ्या ट्रेकबद्दल आहे. सोनमर्गहून निघून विशनसर, किशनसर, गडसर, सतसर, नुंदकोल आणि गंगाबल ही तळी पाहत नारानागला उतरायचं. अंतर साधारण ७० ते ७५ किलोमीटर आणि चालण्याचे दिवस सहा. मधे तीन मोठ्या खिंडी लागतात, त्यातली सर्वांत उंच ४,२०० मीटरच्या आसपास आहे.

## १. महिना ठरवा, मगच बाकीचं

हा ट्रेक जुलै ते सप्टेंबरच्या मध्यापर्यंतच होतो. जुलैच्या सुरुवातीला खिंडींवर बर्फ असतो आणि गडसरच्या पाण्यात बर्फाचे तुकडे तरंगताना दिसतात. जुलैअखेर आणि ऑगस्टमध्ये कुरणं फुलांनी भरतात, पण पावसाची शक्यताही असते. सप्टेंबरमध्ये आकाश मोकळं, गवत पिवळसर, आणि रात्री कडाक्याची थंडी.

शेती असलेल्या घरांसाठी माझा सल्ला स्पष्ट आहे: खुरपणी-फवारणी उरकल्यावर आणि सोयाबीन काढणीच्या आधीची खिडकी धरा. म्हणजे ऑगस्टचा मध्य ते सप्टेंबरचा पहिला आठवडा. याच सुमारास पोळा, गणपती आणि महालक्ष्म्या येतात, त्यामुळे कॅलेंडर घेऊन घरच्यांसोबत बसा आणि तारखा त्यांच्या संमतीने ठरवा. घरात सण आणि मन तिकडे, अशा अवस्थेत चालण्यात मजा नाही.

जुलै-ऑगस्टमध्ये जाणार असाल तर अमरनाथ यात्रेचा हिशोब ठेवा. यात्रेचा बालटालचा तळ सोनमर्गच्या थोडाच पुढे आहे, आणि यात्रा सुरू असताना त्या रस्त्यावर गाड्यांना वेळेची बंधनं असतात. यात्रा श्रावणी पौर्णिमेच्या सुमारास संपते. त्यानंतर रस्ता बराच मोकळा होतो.

## २. आयोजक निवडताना हे प्रश्न विचारा

हा भाग सीमेजवळचा आहे, वाटेत लष्कराच्या चौक्या आहेत आणि वाटेवर गावं नाहीत. पहिल्यांदा जाणाऱ्याने वाटाड्याशिवाय जाऊ नये, या मतावर मी ठाम आहे. आयोजक बरेच आहेत. श्रीनगरचे स्थानिक आहेत, पुण्या-मुंबईचे आहेत, दिल्ली-बंगळुरूचेही आहेत. स्वस्त-महागाचा विचार नंतर करा. आधी फोन लावून विचारा:

- ग्रुपमध्ये माणसं किती आणि त्यांच्यामागे वाटाडे किती?
- मुख्य वाटाड्याने गिर्यारोहणाचं शिक्षण घेतलंय का? उत्तरकाशी, दार्जिलिंग, पहलगाम इथे सरकारी गिर्यारोहण संस्था आहेत. तिथला कोर्स आणि प्रथमोपचाराचं प्रशिक्षण, दोन्हींबद्दल विचारा.
- ऑक्सिजन सिलिंडर आणि ऑक्सिमीटर ग्रुपसोबत चालतो, की फक्त तळावर ठेवलेला असतो?
- कोणी आजारी पडलं तर खाली कुठल्या वाटेने आणतात? घोडा मिळतो का?
- सोनमर्गला चालण्याआधी एक पूर्ण दिवस ठेवलाय का? विशनसरला जादा मुक्काम आहे का?
- हवामान बिघडलं किंवा परवानगी रद्द झाली, तर पैसे परत मिळतात की पुढची तारीख मिळते? हे लेखी घ्या.

शेवटचा प्रश्न टाळू नका. एप्रिल २०२५ मध्ये पहलगामला हल्ला झाल्यावर काश्मीरमधली कितीतरी पर्यटनस्थळं काही काळ बंद ठेवली होती. म्हणून पैसे भरण्याआधी 'यंदा या वाटेला परवानगी चालू आहे का' हे आयोजकाला विचारा, आणि निघण्याच्या आठवड्यात पुन्हा एकदा विचारा.

ऑक्सिजनच्या प्रश्नावर जो आयोजक हसून "अहो, काही होत नाही" म्हणेल, त्याच्यासोबत जाऊ नका. बाकी उत्तरं कितीही गोड असली तरी नाही.

## ३. कागदपत्रं

यादी छोटी आहे, पण यातलं एक जरी राहिलं तरी चौकीवरून परत फिरावं लागू शकतं.

- मूळ आधार कार्ड. मोबाईलमधला फोटो चालेल, या भरवशावर राहू नका.
- आधारच्या चार-पाच झेरॉक्स आणि पासपोर्ट आकाराचे तेवढेच फोटो. प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून ठेवा.
- डॉक्टरांचं तंदुरुस्तीचं प्रमाणपत्र. बहुतेक आयोजक त्यांचा ठरलेला नमुना पाठवतात, त्यावरच सही-शिक्का घ्या.
- जोखमीची जबाबदारी स्वीकारल्याचं आयोजकाचं पत्र, सही करून. सही करण्याआधी वाचा.
- प्रवास विमा. साध्या पॉलिसीत उंचावरचा ट्रेक बसतोच असं नाही. किती मीटरपर्यंत संरक्षण आहे हे विचारून घ्या.
- रक्तगट, नेहमीची औषधं, कशाची ॲलर्जी आहे आणि घरच्यांचा नंबर, हे सगळं एका कागदावर. हा कागद खिशात ठेवायचा, बॅगेत नाही.

आधारवरचं नाव आणि तिकिटावरचं नाव एकच असू द्या. आपल्याकडे एका कागदावर वडिलांचं नाव असतं, दुसऱ्यावर नसतं, तिसऱ्यावर आडनावाचं स्पेलिंग वेगळं. हे महिनाभर आधी तपासून घ्या.

## ४. डॉक्टरांकडे खरोखर जा

प्रमाणपत्रासाठी ओळखीच्या डॉक्टरांकडून नुसती सही आणू नका. रक्तदाब, साखर, हिमोग्लोबिन आणि ईसीजी करून घ्या. आपल्या भागात, विशेषतः बायकांमध्ये, हिमोग्लोबिन कमी असणं नेहमीचंच आहे. खाली तेवढ्यावर निभावतं, पण वर हवेतला प्राणवायूच कमी असतो आणि तो वाहून नेणारं रक्तही कमी पडलं की पहिल्याच चढावर दम संपतो. दोन-तीन महिने हाताशी असतील तर हिमोग्लोबिन वाढवता येतं. म्हणून ही तपासणी सर्वांत आधी करा, तिकीट काढण्याच्याही आधी.

किनवट-माहूर भागातल्या वाचकांना एक गोष्ट मुद्दाम सांगतो. त्या पट्ट्यात सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार आढळतो. घरात कोणाला असेल तर स्वतःची चाचणी करूनच पुढचा विचार करा. सिकलसेलच्या रुग्णासाठी इतकी उंची धोक्याची आहे. नुसता वाहक असणाऱ्यानेही डॉक्टरांशी बोलल्याशिवाय जाऊ नये.

दमा, हृदयविकार किंवा आटोक्यात नसलेला रक्तदाब असेल तर डॉक्टर म्हणतील ते शेवटचं. उंचीच्या त्रासाला आळा घालणाऱ्या 'डायमॉक्स' या गोळीबद्दलही त्यांनाच विचारा. तिने लघवी वारंवार होते आणि बोटांना मुंग्या येतात, ते अपेक्षितच आहे. मात्र सल्फाच्या औषधांची ॲलर्जी असेल तर डॉक्टरांना आधी सांगा. आणि "सगळे घेतायत म्हणून मीही घेतली" असं करू नका.

## ५. सपाट मुलखात चढाची तयारी

तीन महिने धरा. पहिला महिना रोज भरभर चालणं आणि हळूहळू धावणं. दुसऱ्या महिन्याअखेर पाच किलोमीटर ३५ मिनिटांच्या आत न थांबता जमलं पाहिजे. तिसऱ्या महिन्यात पाठीवर सात-आठ किलोची सॅक घेऊन चढ-उतार.

चढ आणायचा कुठून, हा आपला खरा प्रश्न. संभाजीनगरकरांचं बरं आहे, देवगिरी जवळ आहे. पायथ्यापासून माथा साधारण दोनशे मीटर. ट्रेकच्या पहिल्या दिवशी चढायचे आहेत सातशे-आठशे मीटर. म्हणजे देवगिरी एकदा चढून फोटो काढून आलात तर ती सहल झाली. रविवारी सकाळी सॅकसह दोन-तीन वेळा चढा-उतरा, तेव्हा मांड्यांना कळतं. गौताळ्याकडचा अंतूरही चांगला.

नांदेडकरांना माहूर आहे. रेणुकामाता, दत्तशिखर, अनसूया अशी तिन्ही ठिकाणं एका दिवसात पायी केली तर सराव उत्तम होतो. बीड, अंबाजोगाई, धाराशिवच्या लोकांना बालाघाटाच्या रांगा आहेत. लातूरकरांना हत्तीबेट आणि खरोसा, चढ लहान असले तरी पुन्हा पुन्हा करता येतात. औसा, परंडा, कंधार, नळदुर्ग हे किल्ले देखणे, पण भुईकोट. त्यांच्यावर चढाचा सराव होत नाही.

परभणी-हिंगोलीच्या सपाटीवर धरणाच्या भिंतीचा उतार, पाण्याच्या टाकीचा जिना, कॉलेजच्या तीन मजली इमारतीच्या पायऱ्या, जे मिळेल ते घ्या. फक्त परवानगी विचारून. पायऱ्या उतरण्याचा सराव चढण्याइतकाच करा, कारण शेवटच्या दिवशी एका दमात तेराशे मीटर उतरायचंय आणि त्या दिवशी गुडघे बोलतात.

उन्हाळ्यात सराव करणार असाल तर पहाटे पाच ते सात. मे महिन्यातल्या बेचाळीस-त्रेचाळीस अंशांत दुपारी धावून डोंगराची तयारी होत नाही, उष्माघात मात्र होतो.

## ६. सामान

तंबू, स्लीपिंग बॅग, स्वयंपाकाची भांडी आयोजकाची असतात. तुम्हाला फक्त अंगावरचं आणि पाठीवरचं बघायचंय.

बुटांवर पैसे खर्च करा, बाकी सगळं उसनं-पासनं चालेल. घोट्याच्या वरपर्यंत येणारे, खरबरीत तळव्याचे, पाणी आत न घेणारे बूट हवेत. दुकानात संध्याकाळी जा, जाड मोजा घालून मापा, पुढे अंगठ्याला अर्धा इंच जागा सोडा. ऑनलाइन मागवलेत तर घरात दोन दिवस घालून बघा आणि चावत असतील तर लगेच परत करा. नवे बूट किमान महिनाभर सरावात वापरलेले असू द्या. नवेकोरे बूट थेट सोनमर्गला डब्यातून काढणाऱ्याचे पाय दुसऱ्या दिवशीच फोडांनी भरतात.

कपड्यांचा नियम असा: सुती काही नको. जीन्स नको, सुती बनियनही नको. घामाने किंवा पावसाने सुती कापड ओलं झालं की तिथल्या हवेत वाळत नाही आणि अंगातली ऊब खेचून घेतं. लवकर वाळणारे दोन-तीन टी-शर्ट, दोन ट्रेक पँट, एक थर्मल जोडी, एक फ्लीस, एक जाड जॅकेट. लोकरीचा जुना स्वेटर असेल तर तोही चांगला. कानटोपी, हातमोजे, मोज्यांचे चार-पाच जोड. झोपताना घालायचा मोज्यांचा जोड वेगळा आणि कोरडाच ठेवायचा.

पावसासाठी सॅकसकट झाकणारा पोंचो किंवा चांगला रेनकोट. आतलं सामान मोठ्या प्लास्टिकच्या पिशव्यांत भरून मग सॅकमध्ये ठेवा. नुसत्या सॅकच्या कव्हरवर विसंबू नका.

शिवाय हेडटॉर्च, उतारासाठी दोन काठ्या, गॉगल, जास्त एसपीएफचं सनस्क्रीन, ओठांना लावायला मलम, दोन लिटर पाण्याची सोय, ओआरएस, पॅरासिटामॉल, जुलाबाची गोळी, चिकटपट्टी. उंचावरचं ऊन आपल्या उन्हापेक्षा वेगळं असतं. हवा गार लागते, त्यामुळे जळतंय हे कळत नाही, आणि संध्याकाळी नाकाची साल निघते.

पॉवर बँक विमानात हातातल्या बॅगेतच ठेवावी लागते, हे लक्षात असू द्या. ड्रोन नेऊ नका. सॅटेलाइट फोन किंवा उपग्रहावरून संदेश पाठवणारी यंत्रंही परवान्याशिवाय नेऊ नका. सीमेजवळच्या भागात हा गंभीर गुन्हा ठरतो.

खाऊ घरचा न्या. जेवणात भात, वरण, राजमा, भाजी, पोळी असं पुरेसं मिळतं, पण उंचीवर भूक मरते आणि अशा वेळी ओळखीची चव घशाखाली उतरते. धपाटे आणि दशम्या रेल्वेच्या प्रवासापुरत्या. वरच्या दिवसांसाठी शेंगदाणे-गूळ, राजगिऱ्याची वडी, तिळाचे लाडू, आणि छोट्या डबीत शेंगदाण्याची कोरडी चटणी. त्या चटणीने तंबूतल्या परप्रांतीयांशीही मैत्री होते.

## ७. फोन आणि पैसे

सर्वांत जास्त लोक इथे फसतात. आपल्याकडचं प्रीपेड सिम जम्मू-काश्मीरमध्ये चालत नाही. जम्मूत शिरलं की नेटवर्क जातं आणि त्यासोबत यूपीआयही. निघण्याच्या तीन-चार आठवडे आधी सिम पोस्टपेड करून घ्या. ग्रुपमधल्या दोघांकडे तरी वेगवेगळ्या कंपन्यांचे पोस्टपेड नंबर असू द्यात. सोनमर्ग सोडल्यावर मात्र कोणाचाच फोन लागत नाही. तेव्हा घरी आधीच सांगून ठेवा की इतके दिवस फोन येणार नाही, काळजी करू नका, आणि आयोजकाच्या ऑफिसचा नंबर आईजवळ लिहून द्या.

रोख पैसे श्रीनगरमध्येच काढा. घोडेवाल्याचं भाडं, चहा-मॅगी, बक्षिसी यासाठी शंभर-दोनशेच्या नोटा लागतात.

## ८. प्रवास

नांदेड-अमृतसर सचखंड एक्सप्रेस ही आपली हक्काची गाडी. परभणी, जालना, संभाजीनगर सगळ्यांना सोयीची. तिने अमृतसरला उतरून पुढे जम्मू किंवा कटरा गाठता येतं. दुसरा मार्ग मनमाडहून जम्मूला जाणाऱ्या झेलम एक्सप्रेसचा. जून २०२५ पासून कटरा ते श्रीनगर वंदे भारत धावते, चिनाब नदीवरच्या ३५९ मीटर उंच पुलावरून. जाताना तिनेच जा, असं मी म्हणेन, कारण शरीर हळूहळू वर सरकतं. वेळ कमी असेल तर संभाजीनगरहून दिल्ली आणि तिथून श्रीनगर, असं विमानाने.

रेल्वेचं आरक्षण आता ६० दिवस आधी उघडतं. सचखंडला गर्दी कायम असते, त्यामुळे तारीख उघडेल त्याच सकाळी बसा.

जाताना एक आणि येताना एक, असे दोन मोकळे दिवस ठेवा. ऑगस्ट २०२५ च्या अखेरीस जम्मू भागात अतिवृष्टी झाली तेव्हा रस्ते तुटले आणि रेल्वे थांबल्या. त्या भागात पावसाळ्यात दरडी कोसळतातच.

श्रीनगर ते सोनमर्ग साधारण ८० किलोमीटर, कंगन-गगनगीरवरून. गगनगीरपुढचा साडेसहा किलोमीटरचा बोगदा जानेवारी २०२५ मध्ये सुरू झाला आणि तो रस्ता सोपा झाला. त्याच दिवशी चालायला सुरुवात करू नका. सोनमर्ग २,७०० मीटरवर आहे. तिथे दोन रात्री काढा, मधल्या दिवशी दोन-तीनशे मीटर वर चढून पुन्हा खाली येऊन झोपा. तीन हजार मीटरच्या वर झोपायची जागा रोज पाचशे मीटरपेक्षा जास्त वर नेऊ नये, असं उंचीचे डॉक्टर सांगतात. या ट्रेकचा पहिलाच मुक्काम सोनमर्गपेक्षा आठशे मीटरने वर आहे. म्हणून सोनमर्गचा तो जास्तीचा दिवस पैसे वाया घालवणं नव्हे. या ट्रेकमधला सर्वांत मोलाचा दिवस तोच.

## ९. वाट, दिवसागणिक

पहिला दिवस, सोनमर्ग ते निचनई (३,५०० मीटर). सोनमर्गजवळच्या शिटकडीहून सुरुवात, ओळखपत्रांची तपासणी, मग लगेच उभा चढ. टेबल टॉप नावाच्या सपाट जागी चहा मिळतो. पुढे भूर्जवृक्षांचं रान आणि शेवटी ओढ्याकाठचे दगडगोटे. सगळ्यांत मागे राहिलात तरी हरकत नाही. बोलता बोलता चालता येईल, तो तुमचा वेग.

दुसरा, निचनई ते विशनसर. पहिली खिंड, चार हजारांच्या किंचित वर. खिंडीनंतर लांबलचक कुरण, बकरवालांचे म्हणजे भटक्या मेंढपाळांचे कळप. त्यांची कुत्री राखणीची असतात, कळपात शिरू नका. विशनसरच्या पाण्याचा रंग ढगागणिक बदलतो. संध्याकाळी तळ्याकाठी नुसतं बसा, जवळच वरच्या अंगाला असलेल्या किशनसरकडे त्याच दिवशी धावू नका, तो वाटेतच लागणार आहे. विष्णू आणि कृष्णाच्या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या याच दोन तळ्यांच्या परिसरातून किशनगंगा नदी निघते आणि सीमेपलीकडे जाते.

तिसरा, गडसर खिंड. ट्रेकचा सर्वांत कठीण आणि सर्वांत सुंदर दिवस, अंतर १६ किलोमीटरच्या घरात. पहाटे लवकर निघा, कारण दुपारनंतर ढग येतात. किशनसरच्या कडेने वर जाणारी अरुंद वाट अंगावर येते. चार हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साठ टक्क्यांच्या आसपास उरतो, म्हणजे प्रत्येक श्वासात प्राणवायूही तेवढाच. वीस पावलं, दोन श्वास, पुन्हा वीस पावलं, असं लयीत चढा. घोडे आले की डोंगराच्या बाजूला उभे राहा, दरीच्या बाजूला कधीही नाही. माथ्यावर मागे वळून बघा, विशनसर आणि किशनसर दोन्ही एका नजरेत येतात. तिथे उभं राहून रडणारी मोठी माणसं मी पाहिली आहेत. उतार निसरडा आहे, गुडघे किंचित वाकवून छोटी पावलं टाका. गडसरच्या काठी फुलं इतकी असतात की पाय कुठे ठेवावा कळत नाही. वाटेवरूनच चला.

चौथा, गडसर ते सतसर. सुरुवातीला चढ, मग मोकळी चाल. लष्कराच्या चौकीवर मूळ आधार दाखवायचं. जवानांचे, चौकीचे फोटो काढायचे नाहीत, विचारून सुद्धा नाही. नमस्कार करा, चार शब्द बोला. मराठी जवान भेटण्याची शक्यता बरीच असते आणि गावाचं नाव ऐकून त्यांना होणारा आनंद पाहण्यासारखा असतो.

पाचवा, झज खिंड आणि गंगाबल. सतसरची लहान-लहान तळी, मोठ्या दगडांवरून उड्या मारत जायची वाट. पावसात हा टप्पा सावकाश. खिंडीवरून खाली नुंदकोल आणि गंगाबल, आणि त्यांच्यावर ५,१४२ मीटरचं हरमुख. याच हरमुखवरून १८५६ मध्ये मोंटगोमेरी या मोजणी अधिकाऱ्याने दूरच्या काराकोरममधली शिखरं टिपली आणि त्यांना के१, के२ अशी नावं दिली. काश्मिरी पंडितांसाठी गंगाबल हे अस्थिविसर्जनाचं पवित्र ठिकाण आहे, भाद्रपदात तिथे यात्रा भरते. तळ्यात साबण, शॅम्पू, भांडी काही नको.

सहावा, नारानागला उतार. देवदार-पाइनच्या जंगलातून २,२०० मीटरपर्यंत. निघताना बुटांची नाडी घोट्याजवळ घट्ट आवळा आणि अंगठ्याची नखं आदल्या रात्री कापा. नाहीतर बोटं बुटाच्या टोकाला आपटून नखं काळी पडतात. खाली काश्मीरचा राजा ललितादित्य याच्या काळातल्या, आठव्या शतकातल्या मंदिरांचे अवशेष आहेत. थकलेले असलात तरी अर्धा तास तिथे द्या.

## १०. उंची लागली तर

डोकेदुखी, मळमळ, जेवण नकोसं होणं, झोप न लागणं, चक्कर. यातलं काहीही जाणवलं तर वाटाड्याला त्याच क्षणी सांगा. आमच्या ग्रुपमधला एक तगडा तरुण निचनईला रात्री डोकं धरून बसला होता. विचारलं तर म्हणाला, "काही नाही, सर्दी आहे." सकाळी वाटाड्याने त्याला सरळ रेषेत, एका पायाच्या बोटांना दुसऱ्याची टाच लावत चालायला सांगितलं, ऑक्सिजन मोजला, आणि एका मदतनिसाबरोबर सोनमर्गला परत पाठवलं. खाली पोचेपर्यंत तो बरा झाला होता. वाटाड्याचा निर्णय योग्य होता, त्यात वाद घालण्यासारखं काही नव्हतं.

सौम्य त्रास असेल तर वर जायचं नाही. आहे तिथेच थांबायचं, पाणी प्यायचं, विश्रांती घ्यायची. त्रास वाढला तर खाली. पुढची लक्षणं दिसली तर रात्र असो, पाऊस असो, ताबडतोब खाली: बसल्या जागी धाप लागणं, खोकल्यातून फेसाळ किंवा गुलाबी कफ येणं, ओठ निळसर होणं, चालताना तोल जाणं, असंबद्ध बोलणं. फुप्फुसात किंवा मेंदूत पाणी साचत असल्याच्या या खुणा आहेत. माणूस काही तासांत जाऊ शकतो. ऑक्सिजन आणि औषध वेळ मिळवून देतात, जीव वाचवतं ते खाली उतरणं.

शेजारच्या तंबूतल्या माणसावरही लक्ष ठेवा. ज्याला त्रास होतो त्याला पुष्कळदा स्वतःला कळत नाही. एरवी बडबडणारा अचानक गप्प झाला, ताटातलं तसंच ठेवून झोपायला गेला, तर तुम्ही जाऊन वाटाड्याला सांगा. हे चुगली करणं नाही.

दारू आणि झोपेच्या गोळ्या पूर्ण बंद. पाणी तहान नसली तरी दिवसाला तीन-चार लिटर. थंडीत तहान लागत नाही, पण कोरड्या हवेत श्वासावाटे पाणी जातच असतं.

## ११. परत आल्यावर

नारानागला घोडेवाल्याचा, स्वयंपाक्याचा, मदतनिसांचा हिशोब आणि बक्षिसी रोख आणि हातात द्या. वरचा तुमचा सगळा प्लास्टिकचा कचरा सॅकमधूनच खाली आलेला असायला हवा, नारानागच्या ओढ्याकाठी टाकायचा नाही. त्या रात्री श्रीनगरला मुक्काम करा आणि परतीचं तिकीट एक दिवस सोडून काढा.

घरी आल्यावर दोन-चार दिवस थकवा राहतो, पाय भरून येतात, ते आपोआप जातं. मात्र खोकला, धाप किंवा ताप राहिला तर दवाखान्यात जाताना "चार हजार मीटरच्या वर जाऊन आलोय, अमुक गोळ्या घेतल्या होत्या" हे पहिल्याच वाक्यात सांगा. आपल्याकडच्या डॉक्टरांपुढे असे रुग्ण क्वचितच येतात, त्यामुळे ते स्वतःहून विचारतीलच असं नाही.